शेवटचा घास किती वाजता?

भाड्याची गाडी ठरवली की आपण ड्रायव्हरला विचारतो, किती वेळ लागेल? दादांच्या गाडीपाशी मात्र आधी दादाच विचारत. खांद्यावर पुसायचं फडकं, एक हात दाराच्या मुठीवर, आणि दार अर्धंच उघडलेलं. "शेवटचा घास किती वाजता?" उत्तर मनासारखं आलं तर दार पूर्ण उघडायचं. नाही आलं तर ते दार परत लावून घेत आणि बॉनेटला टेकून म्हणत, "मंग बसू जरा. खाल्लेलं उतरू दे त्याचं."

प्रश्न माणसांसाठी नसे. माणसांबरोबर जे कुत्रं, मांजर असे, त्याच्यासाठी असे.

भिवंडीच्या एस.टी. स्टँडबाहेर तेव्हा, म्हणजे ऐंशीच्या दशकात, भाड्याच्या गाड्यांची रांग असायची. त्यात दादांची अँबॅसिडर होती. तिचा रंग पांढरा, असं कागदोपत्री असावं. आमच्या गावात यंत्रमागांचं तूस हवेतून उडत येऊन सगळ्यांवर बसायचं, त्यामुळे ती कायम साय धरलेल्या चहासारखी दिसे. दादा पडघ्याजवळच्या खेड्यातले. आमच्याच चाळीत, आमच्यापासून तीन दारं सोडून राहायचे. उंच, काटकुळे, इस्त्रीचा खाकी शर्ट, आणि खिशाला पेन. ते पेन मी कधी उघडलेलं पाहिलं नाही. सगळी चाळ त्यांना दादा म्हणे, म्हणून मीही दादाच म्हणते. त्यांचं खरं नाव इथे लिहिलं असतं तर त्यांना ते चोंबडेपणाचं वाटलं असतं.

स्टँडवरचे बाकीचे ड्रायव्हर जनावर बघितलं की नाक मुरडायचे. दादा घ्यायचे. "मानसं काय करत न्हाईत का गाडीत? आनि मानसं तर सांगून पन करत न्हाईत," असं त्यांचं म्हणणं होतं. त्यामुळे सुट्टीत गावाला जाणारा, बदली झालेला, कुत्र्याला मुंबईच्या मोठ्या दवाखान्यात नेणारा, जो तो त्यांच्याकडे येई.

ही विद्या त्यांनी पुस्तकात वाचलेली नव्हती. सुरुवातीला त्यांनी एका मागवाल्या शेठचा अल्सेशियन महाबळेश्वरला नेला होता. शेठने निघताना कौतुकाने कुत्र्याला सहा उकडलेली अंडी चारली आणि तांब्याभर दूध पाजलं. शहर ओलांडायच्या आत ती अंडी नव्या सीट कव्हरवर परत आली. वाटेत कुठेतरी नदीवर नेऊन दादांनी गाडी धुतली, तरी पावसाळा संपेपर्यंत वास गेला नाही, असं त्यांची बायको, म्हणजे आमच्या वहिनी, सांगत. तेव्हापासून दादांनी कानाला खडा लावला. पण चिडून जनावरं बंद केली नाहीत. उलट त्यांच्याकडे डोळ्यात तेल घालून बघायला लागले.

"आधी जांभई येनार," ते मला एकदा समजावत होते, "मंग ओठ चाटनार. मंग लाळ. लाळ आली की गाडी बाजूला. तितं थांबलं न्हाय, तर पुडचं आपल्या हातात न्हाय."

हे बघता यावं म्हणून त्यांनी नेहमीच्या आरशाखाली आणखी एक आरसा सुतळीने बांधला होता. न्हाव्याकडे असतो तसा, तळहाताएवढा. तो खाली झुकवलेला असे. त्यात मागची सीट आणि तिच्या खालची जागा दिसायची. रस्ता वरच्या आरशात, जनावर खालच्या आरशात.

त्यांचे नियम ठरलेले होते. निघायच्या आधी पाच-सहा तास पोटात काही नाही. पहाटे निघायचं असेल तर आदल्या दिवशी संध्याकाळी सहाला हलकं जेवण. पाणी मात्र चालेल, थोडं थोडं, आणि तेही घरचं. त्यासाठी डिकीत एक कॅन असे, तो मालकाने आपल्या नळाखाली भरून द्यायचा. परक्या गावचं पाणी जनावर हुंगून सोडतं, किंवा पितं आणि मग बिघडतं. चालत्या गाडीत घास नाही म्हणजे नाही. गाडी थांबली, जनावर उतरलं, चार पावलं चाललं, मोकळं झालं, की तांदळाच्या भाकरीचा वाळका तुकडा. तो डबा दादांच्या सीटखाली असायचा.

"जनावराला बोलता येत न्हाय बाई," ते म्हणत. मी नगरपालिकेच्या शाळेत शिकवायचे, म्हणून मी बाई. "मंग आपुन इचारायचं कुनाला? मालकाला. आनि मालक खोटं बोलतो."

हे मी डोळ्यांनी पाहिलंय. एक खाला होत्या, त्यांच्या मुलीला मालेगावला दिलेलं होतं. त्या वर्षातून दोनदा आपल्या मांजरीसकट तिकडे जात. दादांनी दार अर्धं उघडून विचारलं, "खाला, बिल्ली ने आखरी कब खाया?"

"कल शाम से भूखी है बेचारी," खाला टोपली छातीशी धरून म्हणाल्या.

दादांनी टोपलीचं झाकण उचललं, मांजरीच्या तोंडाशी नाक नेलं, आणि झाकण लावलं. "तो फिर ये खीमा किसने खाया? मैंने?"

खाला हसायला लागल्या. मग दोघं दीड तास चहा पीत बसले. मांजर टोपलीत झोपून गेली, आणि ती तशीच झोपलेली मालेगावला पोचली म्हणे.

मी शेजारी असल्याने मला वाटायला लागलं की हे शास्त्र आपल्यालाही येतं. आमच्या शाळेच्या मुख्याध्यापिका निवृत्त होऊन साताऱ्याला निघाल्या, बरोबर त्यांचा पोपट. मी त्यांना छातीठोकपणे सांगितलं, सकाळपासून त्याला काही देऊ नका. दादांनी पिंजऱ्यातल्या रिकाम्या वाट्या बघितल्या आणि त्यांचा चेहराच बदलला.

"पाखराला उपाशी ठेवलं कुनी?"

मी हळूच हात वर केला. वर्गात पोरं करतात तसा.

"बाई, तुमी शाळेत शिकवता काय? पाखराचं पोट ते केवढं! त्याला दिवसभर टिपाय लागतं." त्यांनी समोरच्या हातगाडीवरून काकडी आणली, चकत्या करून पिंजऱ्याच्या तारेत खोचल्या. वाटीतलं पाणी हिंदकळून सांडतं, काकडीत भूक आणि तहान दोन्ही भागते. पोपट लगेच तुटून पडला. मी पुढे आठवडाभर त्यांच्या दारावरून मान खाली घालून गेले.

आता जे सांगायचं आहे ते सांगते. इतका वेळ मी त्याच्याच भोवती फिरते आहे.

माझे वडील एका सुताच्या गोदामात कारकून होते. गोदामाच्या फाटकावर एक तांबूस कुत्रा बसायचा. हमाल गाठी वाहू लागले की हा शेजारी उभा राहून प्रत्येकाकडे बघायचा, म्हणून वडिलांनी त्याचं नाव मुकादम ठेवलं. पुढे तो रोज त्यांच्या सायकलमागून घरी यायला लागला, आणि मग घरचाच झाला. मागांची खटखट ऐकत वाढलेलं कुत्रं. वीज जाऊन माग बंद पडले की सगळी भिवंडी जशी दचकून जागी व्हायची, तसा हाही व्हायचा.

एका हिवाळ्यात वडील गेले. सकाळी छातीत दुखायला लागलं, रिक्षा आणली, दवाखान्यात नेलं, दुपारी सगळं संपलं होतं. आमचं मूळ गाव चाळीसगाव तालुक्यात. आईच्या मनाने घेतलं की आखाजीच्या आत गावी जायचं. आखाजी म्हणजे अक्षय्य तृतीया. खान्देशात त्या दिवशी गेलेल्या माणसाच्या नावाने पाण्याची घागर भरतात. वडिलांची पहिलीच घागर, ती त्यांच्या घरात, त्यांच्या उंबऱ्याच्या आत भरली जावी, आणि मग तिथेच राहावं, असं आईने ठरवलं. काकांनी खोली सारवून ठेवली होती. अट एकच, मुकादम बरोबर येणार.

अडचणही तीच होती. मुकादमला गाडी सोसत नव्हती. रिक्षातून खाडीच्या पुलापर्यंत नेलं तरी तो ओकायचा. आणि गाव तर नऊ तासांवर, मध्ये कसारा घाट.

पहिल्यांदा निघालो तो दिवस मला आजही लाज आणतो. दादांनी आदल्या दिवशी तीनदा बजावलं होतं. पण लांबच्या प्रवासाला आपल्याकडे कोणी उपाशी निघतं का? शेजारच्या काकूंनी मुकादमला शिरा चारला, निरोपाचा म्हणून. आईने दूध-पोळी कुस्करून दिली. मी चार बिस्किटं दिली, आणि मला वाटलं, देणारी मी एकटीच आहे. वर निघताना आईने आपल्या तळहातावर दहीसाखर घेऊन त्याच्यापुढे धरली, ती त्याने चाटूनपुसून साफ केली.

"शेवटचा घास किती वाजता?" दादांनी विचारलं.

"काल संध्याकाळी," आई म्हणाली. माझी आई जन्मात खोटं बोलली नव्हती. आणि पोरांना रोज खरं बोला म्हणून सांगणारी मी शेजारी गप्प उभी होते.

शहापूर सोडलं आणि मुकादमने शिरा काढला. मग दूध-पोळी. मग माझी बिस्किटं. चौथ्यांदा नुसता फेस आला आणि तो पाय सोडून पडला. दादांनी गाडी झाडाखाली घेतली, ओलं फडकं त्याच्या कानांना, पंजांना लावलं. बराच वेळ त्याच्या पोटावर हात ठेवून बसले. मग म्हणाले, "आज घाट न्हाय चढत हा."

"मग मागे फिरा," आई म्हणाली.

त्यांनी गाडी वळवली. घरी आल्यावर आईने बांधलेली वळकटी सोडली आणि सांगितलं, "याला टाकून मी जायची नाही. घागर इथेच भरू." आणि भिंतीकडे तोंड करून पडून राहिली. आखाजीला तेरा दिवस होते.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी दादा आले. मला वाटलं, आता बोलणी खायची. पण ते उकिडवे बसून मुकादमला चाचपायला लागले. पाठ, बरगड्या, पोट. मग माझ्याकडे न बघता म्हणाले, "हा लई सुटलाय. याला दोन मानसांचं जेवन जातंय बाई. कोन घालतं?"

"आम्ही जेवतो तेव्हा एक पोळी, बस."

"आनि आई काय जेवतात?"

"जेवतात की."

"तुमी बघितलंय?"

 माझी सकाळची शाळा. मी दुपारी एक वाजता घरी यायचे, तेव्हा आई म्हणायची, मी जेवले. संध्याकाळी मला वाढून म्हणायची, तू घे, मी मागाहून बसते. रोज ताट घासलेलं दिसायचं, भांड्यातलं संपलेलं दिसायचं. तीन महिने. मुकादमच्या बरगड्या लागत नव्हत्या, आणि आईच्या हातात उरलेली पाटली कोपरापर्यंत सरकत होती. ते माझ्या डोळ्यांसमोर होतं आणि मला दिसलं नव्हतं.  एका घरात राहून मी जे विचारलं नाही, ते या माणसाने कुत्र्याच्या पोटावरून ओळखलं.

दादांनी आईला यातलं काही बोलून दाखवलं नाही. तिला एवढंच सांगितलं, "आई, याला गाडीची सवय लावाय लागंल. दहा दिस मला द्या. पन तो तुमच्याबिगर गाडीत बसायचा न्हाय."

मग आमच्या चाळीने एक तमाशा पाहिला. रोज संध्याकाळी सहाला दादा गाडी चाळीसमोर आणून उभी करत. इंजिन बंद, चारी दारं सताड उघडी. मुकादमची ताटली सीटखालच्या जागेत, आणि सीटवर आमची आई, मांडीवर ताट घेऊन. दादा मागे डिकी पुसत राहायचे. डिकी केव्हाच लख्ख झालेली असायची, पण ते पुसायचे थांबत नसत, कारण मागच्या काचेतून त्यांना तो खालचा आरसा दिसत होता. आईने आपल्या ताटातलं काही खाली सरकवलं की बाहेरून आवाज यायचा, "आई, त्याचं मोजून दिलंय."

पहिल्या दिवशी आईने घासभर भात खाल्ला. दुसऱ्या दिवशी दादा दारात उभे राहिले. "शेवटचा घास किती वाजता?"

"त्याचा ना? सव्वासहा."

"दोघांचा सांगा."

आईला राग आला. "मी काय जनावर आहे?" म्हणून ती आत निघून गेली. मी घाबरले. दादा तिथेच उभे. थोड्या वेळाने आतून आवाज आला, "अर्धी पोळी खाल्ली. जा आता."

"उद्या एक करू," म्हणून ते गेले.

चौथ्या दिवशी इंजिन चालू ठेवून जेवण झालं. सहाव्या दिवशी रिकाम्या पोटी पुलापर्यंत जाऊन परत येऊन मग जेवण. आठव्या दिवशी पडघ्यापर्यंत. मुकादमने जांभया दिल्या, ओठ चाटले, पण लाळ आली नाही. नवव्या दिवशी दादांनी विचारायच्या आधीच आई दारात येऊन म्हणाली, "त्याचा सहाला. माझा साडेसहाला. दोन पोळ्या आणि भात." दादांनी खिशाचं पेन चाचपलं, जणू आता ते लिहूनच घेणार होते.

आखाजीच्या दोन दिवस आधी, उजाडता उजाडता आम्ही निघालो. मुकादमचं पोट रिकामं, कॅन भरलेला, शेजारच्या काकूंना मी स्वतः दारातच अडवलेलं. आणि आई हातात वाटी घेऊन बाहेर आली. दहीसाखर.

"न्हाय आई," दादा म्हणाले. "इतके दिस केलं ते पान्यात जाईल."

"थोडंसं."

"थोडंसं पन न्हाय."

आई वाटी धरून उभी राहिली. "त्या दिवशी ह्यांना रिक्षात घातलं," ती म्हणाली, "तेव्हा घाईत माझ्याकडून दही राहिलं. हातावर दही न देता मी त्यांना घराबाहेर काढलं." ती मुकादमकडे वळली. "आता याला तसं नाही पाठवणार."

 दादांनी फडकं खांद्यावरून काढलं, परत टाकलं. मग मुकादमजवळ खाली बसले आणि त्याचं तोंड दोन्ही हातांत धरलं.

"नाकाला लावा," ते म्हणाले. "बोटाच्या टोकावर येईल तेवढंच. चाटंल ते पोटात, उरंल ते नाकावर. तुमचं पन झालं, माझं पन झालं."

आईने बोट बुडवून त्याच्या काळ्या नाकावर पांढरा ठिपका लावला. मुकादमने डोळे तिरळे करून तो बघितला आणि जीभ फिरवली. आई हसली. वडील गेल्यापासून मी तिला हसताना पाहिलं नव्हतं. दादांनी दार पूर्ण उघडलं.

पडघ्याला ओंजळभर पाणी. घाटात तिसऱ्या वळणावर खालच्या आरशात जांभई दिसली, मग ओठ, आणि दादांनी गाडी कडेला घेतली. मागून ट्रकवाले हॉर्न मारून शिव्या देत होते. दादा पट्टा धरून मुकादमला शांतपणे इकडून तिकडे चालवत होते. असे तीनदा थांबलो. इगतपुरीला पोचलो तेव्हा गाडी स्वच्छ होती. दादांनी सीटखालचा डबा काढला आणि भाकरीचा तुकडा कुत्र्याला न देता आईच्या हातात दिला.

"आधी तुमी खा. तो तुमच्याकडं बघून खातो."

ही थाप होती. मुकादम कोणाकडेही न बघता खायचा, हे आम्हा तिघांनाही माहीत होतं. आईने तुकडा मोडला, एक त्याला दिला, एक आपण खाल्ला. मग दुसरा. दादा दूर जाऊन टायर तपासत राहिले.

संध्याकाळी गावी पोचलो. घागर भरली. आई तिथेच राहिली, मी शाळेसाठी परत आले, आणि मुकादम पुढे सहा वर्षं तिच्या उंबऱ्यावर बसून येणाऱ्या-जाणाऱ्यांकडे बघत राहिला. आईच्या प्रत्येक पत्रात शेवटची ओळ एकच असे, दादांना सांग, दोन वेळा जेवते.

नव्वदनंतर भिवंडी बदलली. ज्यांच्याकडे कुत्रे होते त्यांनी स्वतःच्या मारुती घेतल्या. स्टँडवरची रांग आखडली. दादा मात्र कोणाच्या गाडीच्या खिडकीत कुत्र्याचं तोंड दिसलं की रस्ता ओलांडून जात आणि विचारत. काहीजण सांगत, काहीजण काच वर करत. "काच वर केली म्हंजी खाऊ घातलंय," एवढं म्हणून ते परत येत.

मग ते वाळायला लागले. मुळात काटकुळे, त्यामुळे पटकन कळलंच नाही. वहिनी एक दिवस माझ्याकडे येऊन रडल्या. तीन-चार महिने ते भात चिवडून उठत होते. स्टँडवर खाल्लं म्हणून सांगत. सगळ्या गावाला शेवटचा घास विचारणाऱ्या या माणसाला कोणीच विचारलं नव्हतं. मीसुद्धा नाही. एकदा माझ्या घरात हे घडलेलं असूनही नाही.

पोटात गाठ निघाली. मुंबईच्या मोठ्या रुग्णालयात ऑपरेशन ठरलं. सकाळी निघायचं होतं, त्यांच्याच गाडीतून, चालवायला स्टँडवरचा त्यांचा जुना जोडीदार. दादा सवयीने पुढच्या दाराशी गेले. वहिनींनी त्यांना हाताला धरून मागे बसवलं. आपल्या गाडीच्या मागच्या सीटवर ते पहिल्यांदाच बसत असावेत. पाय कुठे ठेवावेत ते त्यांना कळेना.

मी दार अर्धं धरून उभी राहिले. "शेवटचा घास किती वाजता?"

त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि हसले. "काल सहाला. मऊ भात. खोटं न्हाय बोलत, बाई."

माझ्या दुसऱ्या हातात वाटी होती. ती त्यांनी बघितली. "न्हाय हां. डाक्टरनी सांगितलंय, पानी पन न्हाय."

"नाकाला लावते," मी म्हटलं.

चाळ बघत होती. साठीचा माणूस, इस्त्रीचा शर्ट, खिशाला पेन. त्यांनी मुकाट्याने मान पुढे केली. मी नाकाच्या शेंड्यावर ठिपका लावला. त्यांनी जीभ बाहेर काढून पोचते का ते पाहिलं. पोचली नाही. सगळे हसले, वहिनीही हसल्या. मी दार लावलं. गाडी वळून निघाली तेव्हा मागच्या काचेतून मला तो खालचा आरसा दिसला. त्यात दादा होते, ताठ बसलेले, आणि दही तसंच होतं. त्यांनी ते पुसलं नव्हतं.

चौथ्या दिवशी गाडी एकट्या वहिनींना घेऊन परत आली.

सगळं आटोपल्यावर दुसऱ्या दिवशी मी कोपऱ्यावरच्या एस.टी.डी. बूथवरून गावी फोन लावला. शेजारच्या दुकानातून कोणीतरी आईला बोलावून आणलं. मी सांगितलं. 

"दही लावलं होतंस ना?" आईने विचारलं.

"लावलं होतं. नाकाला."

"बरं केलंस." मग तिने नाक ओढलं आणि आवाज बदलला. "आणि तू? शेवटचा घास किती वाजता खाल्लास?"

मला आठवेना. काल नाही, आजही नाही.

"आता फोन ठेव आणि घरी जाऊन जेव," आई म्हणाली. "मी इथे थांबते. तासाभराने परत फोन कर आणि काय खाल्लंस ते सांग. खोटं बोलू नकोस."

मी घरी आले. सकाळी शिजवून तसाच ठेवलेला भात होता, दही होतं. मी जेवले, आणि तासाभराने फोन केला.